रशियाची रॉकेट का फुटली, चांद्रयानं का कोसळली: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

इथे भर चांद्रमोहिमांवर आहे. पण यान ज्या रॉकेटवर बसून निघतं त्याचे अपघात कळल्याशिवाय चित्र अपुरं राहतं, म्हणून तेही घेतले आहेत. वेळ दिली आहे तिथे ती मॉस्कोची आहे.

लुना-25 नेमकं कशामुळे चंद्रावर आदळलं?

इंजिन 84 सेकंद चालायला हवं होतं, ते 127 सेकंद चाललं.

रशियाचं हे यान 11 ऑगस्ट 2023 च्या पहाटे व्होस्तोच्नी तळावरून सोयूझ-2.1बी रॉकेटने निघालं आणि 16 ऑगस्टला चंद्राभोवती सुमारे 100 किलोमीटर उंचीच्या कक्षेत स्थिरावलं. 21 ऑगस्टला दक्षिण ध्रुवाच्या बाजूला, बोगुस्लाव्स्की विवराजवळ उतरायचं होतं. त्यासाठी आधी कक्षेचं एक टोक 18 किलोमीटरपर्यंत खाली आणायचं होतं. हे काम 19 ऑगस्टला दुपारी 14:10 वाजता सुरू झालं. 43 सेकंद जादा चाललेल्या इंजिनाने वेग इतका कमी केला, की कक्षेचं खालचं टोक हिशेबाने चंद्राच्या पृष्ठभागाच्या 15 किलोमीटर आत गेलं. म्हणजे कक्षाच जमिनीत घुसली. 14:57 ला संपर्क तुटला.

आता इंजिन थांबलं का नाही ते पाहू. अशा वेळी इंजिन घड्याळावर थांबवत नाहीत. यानात त्वरणमापक असतो. वेग किती बदलला हे तो सतत मोजतो आणि ठरलेला आकडा गाठला की संगणक इंजिन बंद करतो. लुना-25 वर हे काम बीयूस-एल नावाच्या उपकरणात होतं. त्यातला त्वरणमापक चालूच झाला नव्हता, कारण वेगवेगळ्या प्राधान्यक्रमाच्या आज्ञा एकाच संचात गेल्या आणि त्याला चालू करणारी आज्ञा अंमलात आली नाही. संगणकाला वेगातला बदल शून्यच दिसत राहिला.

गच्चीवरच्या टाकीचं उदाहरण घ्या. टाकी भरली की फ्लोट वर येतो आणि मोटर बंद होते. फ्लोटची वायरच जोडलेली नसेल, तर टायमर संपेपर्यंत मोटर चालणार आणि पाणी वाहत राहणार. इथे टायमर 127 सेकंदांचा होता.

मग टायमर 127 सेकंदांचा ठेवलाच का? 90 चा का नाही?

वेळेची मर्यादा ही दुसरी फळी असते. इंजिनाचा जोर अपेक्षेपेक्षा थोडा कमी पडला तर तेवढाच वेग बदलायला जास्त वेळ लागतो, म्हणून मर्यादेत मोकळीक ठेवतात. पृथ्वीपासून चंद्राकडे जाताना मार्ग सुधारायचा असेल तर अशी मोकळीक चालून जाते, कारण चूक झाली तरी पुढे दुरुस्त करता येते. चंद्रापासून 18 किलोमीटरवर नेणाऱ्या ज्वलनात मात्र दीडपट मोकळीक म्हणजे दुसरी फळी नसल्यातच जमा.

आमच्या मते त्याहून मोठी उणीव दुसरी होती. इंजिन पेटलं आहे आणि त्वरणमापक शून्य सांगतो आहे, या दोन गोष्टी एकाच वेळी खऱ्या असूच शकत नाहीत. पेटवण्याआधी मापक जिवंत आहे का, आणि पेटल्यावर पहिल्या काही सेकंदांत आकडा हलतो का, एवढं तपासलं असतं तरी ज्वलन थांबवून यान सुरक्षित कक्षेत ठेवता आलं असतं.

ते पडलं कुठे? कोणी पाहिलं का?

नासाच्या लूनर रिकॉनिसन्स ऑर्बिटरने 24 ऑगस्टला त्या भागाचे फोटो घेतले. जुन्या फोटोंशी ताडून पाहिल्यावर सुमारे 10 मीटर व्यासाचा नवा खड्डा सापडला. जागा 57.9 अंश दक्षिण, 61.4 अंश पूर्व. पाँटेकुलाँ-जी विवराच्या आतल्या तीव्र उतारावर.

लुना 1 ते 24 म्हणजे सोव्हिएत संघाने 24 चांद्रमोहिमाच केल्या ना?

नाही, आणि हा गैरसमज मुद्दाम निर्माण केलेला होता. यान पृथ्वीची कक्षा सोडून चंद्राच्या वाटेला लागलं तरच त्याला 'लुना' क्रमांक मिळायचा. पृथ्वीभोवतीच अडकलं, तर पुढेपुढे त्याला 'कॉसमॉस' असं सर्वसाधारण नाव देऊन विषय संपवत. कॉसमॉस-60, कॉसमॉस-300 आणि कॉसमॉस-305 ही अशी फसलेली चांद्रयानंच होती. कक्षेतही पोहोचलं नाही, तर जाहीर काहीच व्हायचं नाही. त्यामुळे एखाद्या यादीत फक्त लुना क्रमांक मोजून यशाची टक्केवारी काढलेली दिसली, तर ती सोडून द्या.

उदाहरणार्थ, चंद्रावर गाडी उतरवण्याचा पहिला प्रयत्न लुनोखोद-1 चा नव्हताच. 19 फेब्रुवारी 1969 ला तसंच एक यान प्रोटॉन रॉकेटवर निघालं होतं. उड्डाणानंतर मिनिटभरातच यानावरचं आवरण हवेच्या दाबाने फाटलं आणि रॉकेट फुटलं. जगाला लुनोखोद-1 दिसली ती थेट नोव्हेंबर 1970 मध्ये.

1958 मधली पहिली तीन रॉकेट का फुटली?

23 सप्टेंबर आणि 11 ऑक्टोबर 1958 ची दोन्ही उड्डाणं साधारण दीड मिनिटानंतर संपली, आणि दोन्हींचं कारण एकच होतं. आर-7 रॉकेटवर चंद्रासाठी नवा तिसरा टप्पा बसवल्यामुळे त्याची नैसर्गिक कंपनं बदलली होती. इंजिनाच्या जोरात किंचित चढउतार झाला की रॉकेट लांबीच्या दिशेने थरथरायचं. त्या थरथरीने नळ्यांमधल्या इंधनाचा दाब हलायचा, दाब हलला की जोर आणखी हलायचा. झोपाळ्याला प्रत्येक हेलकाव्याला नेमका धक्का मिळावा तसं ते वाढत जाऊन रॉकेटचे तुकडे झाले. उपाय म्हणून ऑक्सिजनच्या नळीत दाबाचे धक्के शोषून घेणारं साधन बसवलं.

4 डिसेंबरच्या तिसऱ्या रॉकेटमध्ये कंपनांचा प्रश्न सुटलेला होता. पण हायड्रोजन पेरॉक्साइडच्या पंपातल्या गिअरचं वंगण निघून गेलं आणि 245 व्या सेकंदाला इंजिनाचा जोर पडला.

2 जानेवारी 1959 चं लुना-1 खरं तर चंद्रावर आदळवायचं होतं. तिसरा टप्पा बंद करण्याची रेडिओ आज्ञा जमिनीवरून चुकीच्या वेळी गेली आणि यान सुमारे 6,000 किलोमीटर अंतरावरून निघून गेलं. सूर्याभोवती फिरणारी पहिली मानवनिर्मित वस्तू म्हणून त्याचा गौरव झाला. तो खराच आहे, पण नेम चंद्राचा होता. तो साधला सप्टेंबर 1959 मध्ये लुना-2 ने.

लुना-9 च्या आधी किती यानं गेली? प्रत्येकात वेगळाच बिघाड कसा?

अकरा. जानेवारी 1963 पासून डिसेंबर 1965 पर्यंत अलगद उतरण्याचे अकरा प्रयत्न वाया गेले आणि बाराव्याला, 3 फेब्रुवारी 1966 रोजी, लुना-9 चंद्रावरच्या 'वादळांचा महासागर' या सपाट मैदानात अलगद उतरलं. या सगळ्यामागे असलेले सोव्हिएत मुख्य रॉकेट-रचनाकार सर्गेई कोरोल्योव त्याच्या तीनच आठवडे आधी, 14 जानेवारीला, गेले होते. हे प्रकरण सविस्तर सांगण्याजोगं आहे.

आधी उतरण्याची पद्धत. यान थेट चंद्राकडे पडत यायचं. सुमारे 75 किलोमीटर उंचीवर रडारची खूण मिळाली की हवेच्या पिशव्या फुगायच्या, मग मुख्य इंजिन पाऊण मिनिट पेटून जवळजवळ सगळा वेग मारायचं. जमिनीला लांब कांडी टेकली की सुमारे 100 किलोचा गोळा बाजूला फेकला जायचा, पिशव्यांवर उसळत थांबायचा आणि कमळासारख्या चार पाकळ्या उघडायच्या. दुसरी संधी कुठेच नाही.

पहिल्या सातांपैकी बहुतेक यानं रॉकेटच्या वरच्या टप्प्यांनीच घालवली. पृथ्वीची कक्षा सोडलीच नाही, किंवा कक्षेपर्यंतही पोहोचली नाहीत. चंद्राच्या वाटेला लागलं ते एकटं लुना-4, तेही 8,000 किलोमीटरहून जास्त अंतराने चुकलं. 1965 मधली शेवटची चार अशी:

लुना-5 (मे): दिशा राखणारा तरंगता गायरोस्कोप पुरेसा तापला नव्हता. यान गरगरायला लागलं आणि आदळलं.

लुना-6 (जून): वाटेत मार्ग सुधारण्यासाठी इंजिन पेटवलं, पण ते बंद करण्याची आज्ञा नीट दिली गेली नव्हती. इंधन संपेपर्यंत इंजिन चाललं आणि यान चंद्रापासून सुमारे 1,60,000 किलोमीटरवरून गेलं. लुना-25 चा हा जुना भाऊ म्हणायला हरकत नाही: 58 वर्षांच्या अंतराने तोच प्रश्न, इंजिन थांबवायचं कोणी?

लुना-7 (ऑक्टोबर): दिशा पाहणाऱ्या संवेदकाचा कोन चुकीचा लावला होता. उतरताना यानाची दिशा सुटली आणि इंजिन पेटलंच नाही.

लुना-8 (डिसेंबर): हे सगळ्यात चटका लावणारं. सगळं व्यवस्थित चाललं होतं. पिशव्या फुगायला लागल्या आणि पाकळीवरच्या प्लास्टिकच्या एका ब्रॅकेटचं टोक पिशवीत घुसलं. त्या भोकातून सुटणारी हवा छोट्या रॉकेटसारखी काम करू लागली, यान फिरायला लागलं आणि इंजिन 46 ऐवजी 9 सेकंदच चाललं. चार लाख किलोमीटरच्या प्रवासाचा शेवट तळहाताएवढ्या तुकड्याने केला. लुना-9 साठी पिशव्या फुगवण्याचा क्रम बदलला.

अपोलो-11 चंद्रावर असताना खरंच एक रशियन यान तिथे कोसळलं?

हो. लुना-15 हे 13 जुलै 1969 ला, अपोलो-11 च्या तीन दिवस आधी निघालं. चंद्राची माती आणायची असं त्याचं काम होतं. दोन्ही यानांच्या कक्षा एकमेकींत येतील का अशी काळजी अमेरिकेला होती. अंतराळवीर फ्रँक बोर्मन यांनी विचारणा केल्यावर सोव्हिएत बाजूने कक्षेची माहिती दिली. त्या काळात ही साधी गोष्ट नव्हती.

उतरायची जागा 'संकटांचा समुद्र' या चंद्रावरच्या काळसर मैदानात होती. रडारवर जमीन अपेक्षेपेक्षा ओबडधोबड दिसल्याने उतरणं लांबवलं. अखेर 52 प्रदक्षिणांनंतर 21 जुलैला इंजिन पेटवलं आणि साधारण चार मिनिटांत संदेश थांबला. यान बहुधा डोंगरउतारावर आदळलं. आर्मस्ट्राँग आणि ऑल्ड्रिन चंद्रावरून निघायला तेव्हा दोन तास होते. पुढच्याच वर्षी लुना-16 ने तशाच बनावटीच्या यानाने 101 ग्रॅम माती आणून दाखवली.

एन-1 हे महाकाय रॉकेट चारही वेळा का फुटलं?

माणसाला चंद्रावर नेण्यासाठी बनवलेलं सोव्हिएत एन-1 सुमारे 105 मीटर उंच होतं. पहिल्या टप्प्यात एनके-15 जातीची 30 इंजिनं दोन वर्तुळांत बसवलेली होती आणि त्यांच्यावर कोर्द नावाची देखरेख यंत्रणा होती. एखादं इंजिन बिघडलं तर कोर्दने ते आणि समतोल राखण्यासाठी त्याच्या समोरचं इंजिन बंद करायचं, अशी योजना होती.

पहिलं उड्डाण, 21 फेब्रुवारी 1969. चुकीच्या विद्युत संकेतामुळे कोर्दने सुरुवातीलाच दोन चांगली इंजिनं बंद केली. तरी रॉकेट चढत राहिलं. मग कंपनांनी बारीक नळ्या तुटल्या, मागच्या भागात आग लागली, तारा जळाल्या आणि 69 व्या सेकंदाला कोर्दने सगळीच इंजिनं थांबवली.

दुसरं, 3 जुलै 1969. रॉकेट उचललं जाण्याच्या पाव सेकंद आधी आठव्या इंजिनाचा ऑक्सिजनचा पंप फुटला. त्यात धातूचा तुकडा गेला असावा असा निष्कर्ष निघाला. शेजारची इंजिनं आणि तारा उद्ध्वस्त झाल्या. कोर्दने 30 पैकी 29 इंजिनं बंद केली. उरलेल्या एका इंजिनाने रॉकेटला तिरकं ढकललं आणि इंधनाने भरलेलं ते धूड लाँचपॅडवरच पडलं. अणुस्फोट वगळता मानवाने घडवलेल्या मोठ्यात मोठ्या स्फोटांपैकी हा एक. पॅड पुन्हा उभं करायला बराच काळ गेला. वरची कुपी मात्र बचाव-रॉकेटने वेळेत दूर ओढून नेली. त्या यंत्रणेने काम चोख केलं.

यानंतर इंधनाच्या वाटेत गाळण्या बसवल्या आणि पहिली 50 सेकंदं कोर्दला इंजिनं बंद करता येणार नाहीत अशी तजवीज केली, म्हणजे रॉकेट पडलं तरी पॅडपासून दूर पडेल.

तिसरं, जून 1971. सगळी 30 इंजिनं व्यवस्थित चालली. पण त्यांच्या झोतांमुळे तळाशी अनपेक्षित भोवरे तयार झाले आणि रॉकेट स्वतःभोवती फिरू लागलं. फिरणं थांबवणाऱ्या छोट्या झोतांना ते आवरेना. 50 सेकंदांचं बंधन संपताच, 51 व्या सेकंदाला, कोर्दने इंजिनं बंद केली.

चौथं, 23 नोव्हेंबर 1972. जवळजवळ जमलं होतं. पहिला टप्पा सुटायला सातच सेकंद उरली असताना, 107 व्या सेकंदाला, तो टप्पा फुटला. थोडं आधी मधली सहा इंजिनं ठरल्याप्रमाणे बंद केली होती. एकदम बंद झालेल्या प्रवाहाचा दणका नळ्यांना बसला असं एक स्पष्टीकरण आहे. घरात नळ झटकन बंद केला की पाइप ठणकतो, तोच प्रकार हजारो पटींनी.

पाचवं रॉकेट जवळपास तयार होतं. 1974 मध्ये कार्यक्रमच बंद केला.

म्हणजे 30 इंजिनं ठेवणं हीच चूक होती?

संख्या ही चूक नव्हती. तपासणी ही होती. एनके-15 इंजिनात काही व्हॉल्व्ह एकदाच, स्फोटक दट्ट्याने उघडणारे होते. म्हणजे एकदा चालवलेलं इंजिन पुन्हा वापरता येत नसे. म्हणून सहा-सहा इंजिनांच्या गटातली दोन चालवून पाहायची आणि ती ठीक निघाली तर उरलेली चार न चालवता रॉकेटवर चढवायची, अशी पद्धत होती. त्यातच हे टप्पे इतके रुंद होते की रेल्वेने तुकड्यांत बायकोनूर या कझाकस्तानातल्या प्रक्षेपण तळावर नेऊन तिथेच जोडावे लागत. सगळा पहिला टप्पा जमिनीला बांधून पेटवून पाहण्याची सोय उभारलीच नाही. अपोलो नेणाऱ्या अमेरिकेच्या सॅटर्न-5 रॉकेटचा प्रत्येक पहिला टप्पा उड्डाणाआधी असा पेटवून पाहिलेला होता. एन-1 ची ती परीक्षा आकाशात झाली, चार वेळा.

इंधनावरून कोरोल्योव आणि व्हालेंतिन ग्लुश्को यांचं बिनसलं, हेही विसरू नका. ग्लुश्कोंना विषारी पण साठवता येणारी इंधनं हवी होती, कोरोल्योवना रॉकेल आणि द्रव ऑक्सिजन. देशातले सर्वांत अनुभवी इंजिन-रचनाकार बाजूला राहिले आणि काम विमानांच्या इंजिनांत मुरलेल्या निकोलाय कुझनेत्सोव यांच्याकडे गेलं. त्यांच्या संस्थेने पुढे सुधारलेलं एनके-33 फार उत्तम इंजिन होतं. एन-1 वर ते कधी उडालंच नाही.

नेडेलिन दुर्घटना चांद्रमोहिमेत झाली का?

नाही. ते आर-16 हे लष्करी क्षेपणास्त्र होतं. पण रॉकेटच्या इतिहासातली सर्वांत भीषण दुर्घटना असल्याने हा प्रश्न नेहमी येतो.

24 ऑक्टोबर 1960, बायकोनूर. क्षेपणास्त्रात इंधन आधीच भरलेलं होतं, आणि ते इंधन इतकं गंजवणारं की भरल्यावर दोनएक दिवसांत सील खराब होऊ लागत. बिघाड सापडल्यावर इंधन उपसून दुरुस्ती करायला हवी होती. त्याऐवजी भरलेल्या क्षेपणास्त्रावरच काम सुरू ठेवलं. दुसऱ्या टप्प्याच्या बॅटऱ्या जोडलेल्या होत्या, इंधन अडवणारे पडदे फोडलेले होते. अशात क्रमनियंत्रक, म्हणजे कोणती आज्ञा कधी द्यायची ते ठरवणारं फिरतं यंत्र, शून्यावर परत आणताना दुसऱ्या टप्प्याचं इंजिन पेटवणाऱ्या आज्ञेवरून गेलं. इंजिन पेटलं आणि त्याचा झोत खालच्या भरलेल्या टाकीवर पडला. ठरलेल्या उड्डाणाला अर्धा तास होता आणि शेकडो माणसं जवळपास होती.

सोव्हिएत क्षेपणास्त्र दलाचे प्रमुख मार्शल मित्रोफान नेडेलिन स्वतः पॅडजवळ खुर्ची टाकून बसले होते, म्हणून बाकीच्यांनाही दूर जाता आलं नाही. किमान 74 माणसं गेली; काही नोंदींत आकडा 100 च्या वर आहे. मुख्य रचनाकार मिखाईल यांगेल सिगारेट ओढायला आडोशाला गेले होते म्हणून वाचले. नेडेलिन विमान अपघातात गेले असं जाहीर केलं, आणि मेलेल्यांच्या घरच्यांना तीस वर्षं खरं बोलता आलं नाही. या तारखेला बायकोनूरवरून आजही प्रक्षेपण करत नाहीत.

18 मार्च 1980 ला प्लेसेत्स्कला काय झालं?

उत्तर रशियातल्या या प्रक्षेपण तळावर व्होस्तोक-2एम रॉकेटमध्ये इंधन भरताना स्फोट झाला आणि 48 जण मृत्युमुखी पडले. चौकशीने दोष तिथल्या कर्मचाऱ्यांवर टाकला. पुढच्या वर्षी तसाच प्रकार दुसऱ्या रॉकेटवर होता होता टळला, तेव्हा खरं कारण हाती आलं: हायड्रोजन पेरॉक्साइडच्या गाळणीत शिसं असलेला डाख वापरला होता. शिशाचा स्पर्श झाला की तीव्र पेरॉक्साइड झपाट्याने विघटन पावतं, उष्णता आणि ऑक्सिजन सुटतो. मृत कर्मचाऱ्यांवरचा डाग मात्र पुसला जायला बरीच वर्षं लागली. या सगळ्या इतिहासात हा अन्याय आम्हाला सर्वांत जड वाटतो.

प्रोटॉनमध्ये सेन्सर खरंच उलटे बसवले होते?

हो. 2 जुलै 2013 चं उड्डाण. रॉकेट डावी-उजवीकडे किती वळतंय हे मोजणारे तीन संवेदक 180 अंशांनी उलटे बसले होते. रॉकेट उजवीकडे कललं की संवेदक सांगायचे डावीकडे, आणि नियंत्रक ते आणखी उजवीकडे ढकलायचा. अर्ध्या मिनिटात रॉकेट तीन ग्लोनास (रशियाचे दिशादर्शक) उपग्रहांसह जमिनीवर आलं.

चूक होऊ नये म्हणून त्या बैठकीवर पिना असतात आणि संवेदकावर बाण असतो. ढिगाऱ्यात सापडलेल्या बैठकीवर जोर लावून बसवल्याच्या खुणा होत्या. उलट्या संवेदकालाही विजेच्या तपासणीत 'ठीक' असंच उत्तर मिळतं, कारण तो बिघडलेला नसतोच. त्याची दिशा पाहायला डोळेच लागतात.

इंधन जास्त भरल्याने रॉकेट पडू शकतं?

पडलं आहे. 5 डिसेंबर 2010 ला प्रोटॉनवर ब्लॉक डीएम-03 हा मोठ्या टाक्यांचा नवा टप्पा होता. सूचनांमधला हिशेब जुन्या टाक्यांचा राहिला आणि सुमारे दीड टन द्रव ऑक्सिजन जास्त भरला गेला. वजन वाढल्याने वेग कमी पडला आणि तीन उपग्रह पॅसिफिकमध्ये गेले.

आणि सॉफ्टवेअरच्या चुकीने?

28 नोव्हेंबर 2017. व्होस्तोच्नीहून निघालेल्या सोयूझवर मेटिओर हा हवामान उपग्रह आणि 18 छोटे उपग्रह होते. रॉकेटने काम नीट केलं. पण नव्या तळावरच्या आरंभीच्या दिशांचा मेळ असा बसला, की फ्रेगॅट या वरच्या टप्प्याला थोडंसंच वळायचं असताना त्याने जवळजवळ पूर्ण गिरकी घ्यायला सुरुवात केली. ती पुरी व्हायच्या आत इंजिन पेटलं आणि सगळं अटलांटिकमध्ये कोसळलं. आज्ञावलीतली ही उणीव जुनीच होती. जुन्या तळांवरून ती कधी उघडी पडली नव्हती.

माणसं बसलेलं रॉकेट फुटलं तर?

11 ऑक्टोबर 2018 चं सोयूझ एमएस-10 पाहा. चार बाजूच्या बूस्टरपैकी एक सुटताना त्याच्या टोकाची झडप उघडली नाही. ती उघडून वायूचा झोत सुटला की बूस्टर बाहेर ढकलला जातो. इथे तो मधल्या टप्प्यावर आपटला. कारण, जुळणीत वाकलेली एक संपर्क-पिन; वाक होता 7 अंशांहूनही कमी. बचाव यंत्रणेने कुपी लगेच दूर खेचली. अलेक्सेई ओव्हचिनिन आणि निक हेग यांनी साधारण पावणेसात पट गुरुत्व सोसलं आणि ते कझाकस्तानात सुखरूप उतरले.

भारताच्या मोहिमांशी या अपयशांचा संबंध आला का?

थेट आला, तीन वेळा.

पहिला संबंध एन-1 चा. त्या रॉकेटच्या वरच्या टप्प्यासाठी हायड्रोजनवर चालणारं एक इंजिन तयार केलं होतं. एन-1 बंद झाल्यावर ते पडून राहिलं. 1991 मध्ये भारताने त्याचं तंत्रज्ञान घेण्याचा करार केला. अमेरिकेच्या दबावाखाली 1993 मध्ये तंत्रज्ञान वगळलं गेलं आणि तयार टप्पेच मिळाले. 2001 मध्ये श्रीहरिकोट्याहून उडालेल्या पहिल्या जीएसएलव्हीच्या डोक्यावर हेच इंजिन होतं. 25 डिसेंबर 2010 ला अशाच टप्प्याच्या तळाशी असलेले कनेक्टर उड्डाणात सुटले, नियंत्रणाच्या आज्ञा पुढे जाईनात, आणि जीएसएलव्ही-एफ06 बंगालच्या उपसागरावर नष्ट करावं लागलं.

दुसरा फोबोस-ग्रुंटचा. मंगळाच्या उपग्रहाकडे निघालेलं हे यान नोव्हेंबर 2011 मध्ये पृथ्वीभोवतीच अडकलं आणि जानेवारी 2012 मध्ये पॅसिफिकमध्ये पडलं. चांद्रयान-2 चा लँडर रशिया देणार होता. या अपयशानंतर रशियाने आपल्या आराखड्यांचा फेरविचार सुरू केला, वेळापत्रक लांबलं आणि भारताने स्वतःचा लँडर करायचं ठरवलं. तोच विक्रम.

तिसरा ऑगस्ट 2023 चा. लुना-25 पडल्यावर चारच दिवसांनी, 23 ऑगस्टला, चांद्रयान-3 उतरलं. याला शर्यत म्हणणं आम्हाला पटत नाही. दोन्ही मोहिमा आपापल्या गतीने वर्षानुवर्षं तयार होत होत्या. तुलना करायचीच तर तयारीची करा. 2019 मध्ये पहिला विक्रम आदळल्यावर इस्रोने 'काय काय बिघडू शकतं' इथून आखणी सुरू केली. उतरण्याचा पट्टा 500 मीटर चौरसावरून 4 किलोमीटर बाय 2.4 किलोमीटर केला, इंधन वाढवलं, पाय मजबूत केले, वेग मोजणारं लेझर उपकरण जोडलं. लुना-24 नंतर लुना-25 मध्ये 47 वर्षांचं अंतर होतं. ज्यांच्या हातांनी 1976 चं यान उतरवलं, ते हात या यानावर जवळजवळ नव्हतेच.

मग रशियन रॉकेट अविश्वसनीय म्हणायची का?

आर-7 च्या घराण्यातली रॉकेट (सोयूझही त्यातलंच) सहा दशकांहून अधिक काळ माणसं नेत आहेत आणि त्यांच्या रॉकेटच्या अपघातात एकही अंतराळवीर दगावलेला नाही. सोयूझ-1 मधले कोमारोव आणि सोयूझ-11 मधले तिघे गेले, ते परतीच्या वाटेवर: एकदा पॅराशूटने आणि एकदा हवेच्या झडपेने दगा दिला. प्रोटॉनचा 2010 ते 2015 हा काळ मात्र खरोखर वाईट होता. उलटे संवेदक, चुकीचा हिशेब, टर्बोपंपाचे बिघाड हे सगळे जुळणी आणि तपासणीतले दोष आहेत. आराखडा चांगला असून उपयोग झाला नाही.

ही ठिकाणं आपल्याला आकाशात पाहता येतात का?

ढिगारे दिसणार नाहीत, जागा दिसतात. शुद्ध चतुर्थी-पंचमीला संध्याकाळी पश्चिमेकडे तोंड करून 10×50 ची द्विनेत्री चंद्राच्या कोरीवर धरा. प्रकाशित कडेजवळ, तुमच्या उजव्या हाताच्या बाजूला, एक सुटा, काळसर अंडाकृती डाग दिसेल. तो संकटांचा समुद्र. लुना-15 तिथेच कुठेतरी पडलं आहे. 1974 मध्ये उतरताना आडवं झालेलं लुना-23 तिथेच आहे, आणि 170 ग्रॅम माती घेऊन परतलेल्या लुना-24 चा खालचा भागही.

लुना-2 ची जागा पाहायला शुद्ध अष्टमी-नवमी बरी. पर्जन्यसागराच्या पूर्व कडेला आर्किमिडीज आणि ऑटोलिकस ही विवरं शोधा, यान त्यांच्याच परिसरात आदळलं. लुना-25 च्या खड्ड्यासाठी दुर्बीणच लागेल. चंद्राच्या आग्नेय कडेला 90 किलोमीटर रुंदीचं पाँटेकुलाँ विवर पंचमीच्या आसपास, सावल्या लांब असताना, तिरकं चपटं दिसतं. त्याच्या शेजारच्या छोट्या जी विवराच्या उतारावर ती जागा आहे.